पगार, पीएफ आणि बाहेरचा माणूस: शिरोलीतल्या एका मशीन शॉपचं प्रकरण

कोल्हापूरजवळ शिरोली औद्योगिक वसाहतीत एक मशीन शॉप आहे. आसपासच्या फाउंड्र्यांमधून कास्टिंग (धातू ओतून बनवलेले कच्चे भाग) येतं, इथे त्याचं टर्निंग, मिलिंग, ड्रिलिंग होतं आणि पंप व ट्रॅक्टर बनवणाऱ्या कंपन्यांना तयार भाग जातात. रोलवर ३४ माणसं, त्यात तपासणी आणि पॅकिंगला ६ बायका. फेटलिंग (कास्टिंगच्या कडा घासून साफ करणं) आणि हमालीला ठेकेदाराची १४ माणसं वेगळी. भागीदारी वडील आणि मुलीची. वडिलांनी एका लेथवर सुरुवात केलेली. मुलगी मेकॅनिकल इंजिनिअर, पुण्यात काही वर्षं नोकरी करून परतलेली. एप्रिल २०२४ पासून या कारखान्यानं पगारपत्रक, पीएफ, ईएसआय (कामगारांचा सरकारी आरोग्य आणि अपघात विमा) आणि कामगारांची सगळी कागदपत्रं पुण्याच्या एका सेवा कंपनीकडे सोपवली. ती का सोपवावी लागली, सुरुवातीच्या महिन्यांत काय बिघडलं आणि त्यावरून करार कसा बदलला, याचं हे प्रकरण.

एक गोष्ट आधीच सांगतो. हे कुठल्या एकाच कारखान्याचं वर्णन नाही. या आकाराच्या कारखान्यांत जे वारंवार घडतं ते एका जागी आणून प्रकरण उभं केलं आहे. पगाराचे आणि फीचे आकडे हिशेब समजावा म्हणून सरासरीचे, गोल घेतले आहेत. कायद्याचे दर, तारखा आणि मर्यादा मात्र त्या त्या वेळी लागू होत्या तशाच आहेत.

सात, अकरा, पंधरा, वीस

कारखान्यात एचआर असा विभाग कधीच नव्हता. ऑफिसात एक अकाउंटंट काका होते, बावीस वर्षं तिथेच. खरेदीची बिलं, बँक, जीएसटी, टीडीएस सांभाळून उरलेल्या वेळात ते पगार करायचे. महिन्याची ७ तारीख पगाराची आणि टीडीएस भरण्याची, ११ जीएसटीच्या विक्री विवरणाची, १५ पीएफ आणि ईएसआयची, २० जीएसटीच्या मुख्य विवरणाची. चार तारखा दोन आठवड्यांत, आणि त्याच दिवसांत मोठ्या ग्राहकांची डिस्पॅचची घाई. काकांच्या घरी आजारपण आलं, ते अधूनमधून रजेवर जाऊ लागले, आणि २०२२-२३ मध्ये चार महिन्यांचं पीएफ १५ तारखेनंतर भरलं गेलं. कधी चार दिवस उशीर, कधी आठ. चारही मिळून २२ दिवस.

मालकांनी याकडे फारसं लक्ष दिलं नाही, आणि त्यांच्या बाजूनं पाहिलं तर त्याला कारणही होतं. ३४ माणसांचा पीएफसाठीचा पगार सरासरी १२,००० रुपये धरला, तर महिन्याचा पाया ४,०८,००० होतो. कामगारांचे १२ टक्के म्हणजे ४८,९६०, मालकाचे तेवढेच, वर प्रशासन खर्च अर्धा टक्का आणि विम्याचा अर्धा टक्का. महिन्याचं चलन बरोबर १,०२,००० रुपयांचं. त्यावर २२ दिवसांचं १२ टक्क्यांनी व्याज होतं साधारण ७३८ रुपये, आणि तेव्हाच्या ५ टक्के दरानं दंड ३०७. सगळं मिळून हजाराच्या थोडं वर. एवढ्या रकमेसाठी कोण झोप घालवणार?

सप्टेंबर २०२३ मध्ये कर लेखापरीक्षणाच्या वेळी सीएंनी कागद पुढे ठेवला. कामगारांच्या पगारातून कापलेली पीएफची रक्कम ठरलेल्या तारखेला भरली नाही, तर ती तेव्हाच्या नियमानं मालकाचं उत्पन्न धरली जायची आणि नंतर भरली तरी वजावट मिळत नसे. यावर वेगवेगळ्या उच्च न्यायालयांची मतं वेगवेगळी होती. १२ ऑक्टोबर २०२२ ला चेकमेट सर्व्हिसेस प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं वाद संपवला: विवरण भरण्याच्या मुदतीपर्यंत भरलं तरी चालणार नाही, पीएफ कायद्याची तारीख हीच तारीख. चार महिन्यांचे ४८,९६० म्हणजे १,९५,८४० रुपये उत्पन्नात मिळवले गेले. भागीदारी संस्थेला ३० टक्के कर आणि त्यावर ४ टक्के उपकर धरून ६१,१०२ रुपये गेले. जो पैसा खर्च झाला, कामगारांच्या खात्यात पोचला, त्यावरच कर.

लघुउद्योजकांशी बोलताना मी हा हिशेब दरवेळी मांडतो, कारण पीएफ कार्यालयाची नोटीस सगळ्यांना माहीत असते आणि हा दुसरा खड्डा फार थोड्यांना. हजाराच्या दंडामागे साठ हजारांचा कर उभा होता.

दोन बोटं

दोन महिन्यांनी, नोव्हेंबर २०२३ मध्ये, फेटलिंगला ठेकेदाराच्या एका मुलाची दोन बोटं हँड ग्राइंडरमध्ये सापडली. कामाला लागून तीन आठवडे झालेले. ठेकेदाराकडे ईएसआयचा कोड होता, पण नवा माणूस आल्यावर दहा दिवसांत करायची नोंदणी त्यानं केलीच नव्हती. ‘टिकतोय का बघतो आणि मग घालतो,’ ही ठेकेदारांची जुनी रीत. मुलाला खासगी दवाखान्यात न्यावं लागलं. बिल पाऊण लाखाच्या घरात गेलं आणि ते मालकांनी भरलं. नोंदणी असती तर उपचार ईएसआयकडून झाले असते आणि कामावर न येता आलेल्या दिवसांचे ९० टक्के वेतनही मिळालं असतं. कामावरच्या अपघाताला या लाभासाठी किती दिवस वर्गणी भरली याची अट नसते. पहिल्या दिवशी अपघात झाला तरी लाभ असतो.

इथे मालकांचा समज असा होता की ठेकेदाराची माणसं ५० पेक्षा कमी आहेत, म्हणजे आपला संबंध नाही. महाराष्ट्रात कंत्राटी कामगार कायद्याची मर्यादा तेव्हा ५० माणसांची केलेली होती, हे खरं. पण पीएफ आणि ईएसआयला ती मर्यादा लागू नाही. ठेकेदाराच्या माणसाची वर्गणी भरण्याची पहिली जबाबदारी मुख्य मालकाचीच. ती ठेकेदाराच्या बिलातून वसूल करता येते, एवढंच.

या अपघातानंतर मुलीनं वडिलांना सांगितलं, “आबा, काकांच्यानं आता हे होणार नाही. आणि ते गेले तर आपल्यातल्या कुणाला यातलं काहीच माहीत नाही.” पूर्ण वेळ एचआर अधिकारी ठेवायचा तर त्याचा पगार एका चांगल्या सीएनसी सेटरएवढा, म्हणजे संगणकावर चालणारं मशीन कामाला लावून देणाऱ्या कारागिराएवढा. ३४ माणसांसाठी तो परवडत नव्हता. म्हणून बाहेरच्यांकडे विचारणा झाली.

तीन प्रस्ताव

पहिला प्रस्ताव कोल्हापुरातल्याच लेबर कन्सल्टंटचा. महिना ४,५०० रुपये ठोक, चलनं आणि विवरणं करून देणार. २००९ साली कारखान्याची पीएफ नोंदणी त्यांनीच केली होती. दुसरा पुण्याच्या सेवा कंपनीचा: माणशी महिना १८० रुपये, म्हणजे ६,१२० आणि वर १८ टक्के जीएसटी, त्यात पगारपत्रक, मोबाइल ॲपवर पगाराची स्लिप, सगळी चलनं, नेमणूकपत्रं, नोकरी सोडणाऱ्यांचा हिशेब.

तिसरा प्रस्ताव घेऊन माणसं पुरवणारा एक ठेकेदार आला. त्याचं म्हणणं सरळ होतं: “मालक, सगळी चौतीस माणसं आमच्या रोलवर घेतो. तुमच्या नावावर एकही कामगार नाही. पीएफ आमचं, ग्रॅच्युइटी आमची, युनियन आली तरी आमच्याकडे.” पगाराच्या बिलावर ७ टक्के सेवाशुल्क. महिन्याचा पगार ६,१२,००० धरला तर ४२,८४० रुपये. शिवाय जीएसटी पूर्ण बिलावर लागणार. त्याचा परतावा मिळतो, पण तोवर पैसा अडकतो.

रक्कम मोठी असूनही मालकांचा कल याच प्रस्तावाकडे होता, आणि मला हा या प्रकरणातला सगळ्यात धोक्याचा क्षण वाटतो. मशीनवर रोज काम करणारा, मालकाच्या सुपरवायझरकडून जॉब घेणारा, मालकाच्याच गेजनं माप तपासणारा माणूस कागदावर दुसऱ्याचा होत नाही. स्टील अथॉरिटीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं २००१ मध्येच सांगून ठेवलं आहे की कंत्राट नुसता मुखवटा असेल, तर ते कामगार मुख्य मालकाचेच समजले जातील. शिवाय जुन्या माणसांच्या सेवेचं काय? १९ वर्षं काम केलेल्या एका टर्नरचा मूळ पगार आणि महागाई भत्ता १४,००० होता. सेवेच्या दर वर्षाला १५ दिवसांचा पगार, महिन्याचे दिवस २६ धरून, त्याची ग्रॅच्युइटी १,५३,४६२ रुपये होते. त्याला दुसऱ्याच्या रोलवर टाकायचं म्हणजे आधी ती द्यायची. नाही दिली तर दावा ठरलेला, आणि दिली तरी राजीनामा लिहून घेताना त्याच्या मनात जे उतरेल ते वेगळंच. मुलीनं हा हिशेब कागदावर मांडून दाखवला तेव्हा मालक गप्प झाले आणि तो प्रस्ताव बाजूला पडला.

पुण्याची कंपनी निवडली गेली. कोल्हापूरच्या कन्सल्टंटला का नाही घेतलं? ते फक्त चलनं करणार होते, आणि अपघातानंतर चलनांपेक्षा जास्त काही हवं होतं.

किल्ल्या कुणाच्या खिशात

करार मार्चमध्ये झाला आणि लगेच अडला. पीएफच्या संकेतस्थळावर कारखान्याच्या खात्याला जोडलेला मोबाइल नंबर आणि ईमेल जुन्या कन्सल्टंटचा होता. पासवर्ड त्यांच्याकडे. मालकांच्या डिजिटल सहीची पेनड्राइव्हही त्यांच्याच टेबलाच्या खणात, दुसऱ्या पंधरावीस कारखान्यांच्या पेनड्राइव्हबरोबर. प्रत्येक ओटीपी त्यांच्या फोनवर जायचा. मालकांना पंधरा वर्षांत स्वतःच्या कारखान्याचं पीएफ खातं एकदाही उघडून पाहता आलं नव्हतं.

कन्सल्टंटनी काही वाईट केलं असं नाही. त्यांनी काम नीट केलं होतं आणि मागितल्यावर सगळं परतही दिलं. पण लेटरहेडवर अर्ज करून मोबाइल नंबर बदलून घेण्यात तीन आठवडे गेले. त्या तीन आठवड्यांत ते आजारी पडले असते किंवा बिनसलं असतं, तर मार्चचं चलन अडकलं असतं.

इथून पुढे मुलीनं एक नियम केला आणि तो अजून पाळला जातो. खात्याचा मोबाइल कारखान्याचा, डिजिटल सही कारखान्याच्या तिजोरीत, आणि चलनाचा पैसा सेवा कंपनीच्या खात्यात कधीही जाणार नाही. कंपनीनं फाइल तयार करून चलन काढायचं. पैसे कारखान्याच्या बँक खात्यातून थेट भरायचे. चलनाचा पैसा मधल्या माणसाच्या हातात देऊन बनावट पावती घेऊन बसलेले मालक या धंद्यात नवे नाहीत.

पहिले महिने

सेवा कंपनीनं पहिल्याच महिन्यात एक जुनी चूक पकडली. १ एप्रिल २०२३ पासून महाराष्ट्रात महिना २५,००० रुपयांपर्यंत पगार असलेल्या बायकांना व्यवसाय कर माफ झाला होता. काकांच्या तक्त्यात तो बदल आलाच नव्हता. सहा जणींच्या पगारातून दरमहा २०० आणि फेब्रुवारीत ३०० असे वर्षाचे २,५०० कापले गेले होते. एकूण १५,००० रुपये. तेरा हजार पगाराच्या बाईला अडीच हजार म्हणजे काय, हे सांगायला नको. मालकांनी ते पैसे लगेच, पुढच्या पगाराबरोबर परत दिले. सरकारकडून वसुली व्हायची तेव्हा होवो, म्हणाले. कामगारांचा नव्या व्यवस्थेवर पहिला विश्वास बसला तो या पंधरा हजारांमुळे.

मग ओटी, म्हणजे ओव्हरटाइम आला. इतकी वर्षं जादा तासांचे पैसे एकपट दरानं, वेगळ्या व्हाउचरवर रोख मिळायचे. कुणाची तक्रार नव्हती. वसाहतीत बऱ्याच ठिकाणी तसंच चालायचं. फॅक्टरी कायद्यात दिवसाला ९ किंवा आठवड्याला ४८ तासांच्या वरच्या कामाला दुप्पट दर होता, आणि सेवा कंपनीच्या सॉफ्टवेअरमध्ये तोच होता. १८,००० पगाराच्या ऑपरेटरचा तासाचा दर ८६ रुपये ५४ पैसे. चाळीस तासांचे एकपट ३,४६२, दुप्पट ६,९२३. एप्रिलचं पगारपत्रक पाहून मालकांनी फोन केला: “हे एवढं कसं वाढलं? जुन्या पद्धतीनं करा.” कंपनीच्या मुलीनं नम्रपणे पण ठाम सांगितलं की एकपट दरानं केलेल्या पत्रकावर आम्ही नाव घालणार नाही, तुम्ही ओटी पत्रकाबाहेर ठेवणार असाल तर तसं लिहून द्या.

तो आठवडा तणावात गेला. माझ्या मते बाहेरच्या सेवेची खरी किंमत इथे वसूल झाली. आतला अकाउंटंट मालकाला असं सांगू शकत नाही. काकांना दुप्पट दराचा नियम माहीत होता, वीस वर्षं माहीत होता. बोलले नव्हते. शेवटी मालकांनी ओटीचाच अभ्यास केला. निम्मी ओटी एका जुन्या ड्रिलिंग मशीनच्या वारंवार बंद पडण्यामुळे होत होती. मशीन दुरुस्त झालं, आणि उरलेली ओटी पत्रकात दुप्पट दरानं दिसू लागली. त्यावर पीएफ लागत नाही पण ईएसआय लागतं, हेही तेव्हाच नीट बसवलं गेलं.

आता सेवा कंपनी कुठे कमी पडली ते. जूनमध्ये शाळा उघडतात आणि कामगार उचल घेतात. काकांच्या वहीत उचलीचं एक पान असायचं. कुणाची उचल किती, कुणाच्या पगारातून महिना हजार कापायचे आणि कुणाच्या घरी आजारपण आहे म्हणून पाचशेच, हे काका आणि मालक मिळून ठरवायचे. सॉफ्टवेअरमध्ये उचलीला ‘कर्ज’ असा एक रकाना होता आणि हप्ता सगळ्यांना सारखा. जूनच्या पगारात एका हेल्परचे तीन हजार एकदम कापले गेले. त्यानं ॲपवर तक्रार टाकली. तिला क्रमांक मिळाला, उत्तर आलं पाचव्या दिवशी, इंग्रजीत. तोवर त्यानं वाण्याची उधारी पुढे ढकलली होती.

जुलैमध्ये एका सीएनसी ऑपरेटरचा पगार २०,५०० वरून २१,८०० झाला. ईएसआयची मर्यादा २१,०००. कंपनीनं जुलैपासूनच त्याचं ईएसआय बंद केलं. स्लिपवर कपात नाही म्हणून ऑपरेटर खूश, पण काकांनी पत्रक पाहिलं आणि पेन्सिलीनं गोल केला. ईएसआयचे वर्गणीचे काळ सहा-सहा महिन्यांचे असतात, एप्रिल ते सप्टेंबर आणि ऑक्टोबर ते मार्च. काळ सुरू असताना पगार मर्यादेवर गेला तरी तो काळ संपेपर्यंत वर्गणी चालूच राहते, आणि वाढलेल्या पूर्ण पगारावर. म्हणजे ऑपरेटरचे पाऊण टक्क्यानं १६४ रुपये आणि मालकाचे सव्वातीन टक्क्यांनी ७०९, सप्टेंबरपर्यंत. एप्रिल ते सप्टेंबरच्या वर्गणीवर पुढच्या जानेवारी ते जूनचे लाभ अवलंबून असतात, म्हणून हे महत्त्वाचं. कंपनीनं चूक मान्य केली आणि पत्रक दुरुस्त केलं. पण ती चूक पकडली ती आतल्या माणसानं, ज्याचं काम आता संपलं असं सगळे धरून चालले होते.

कँटीनजवळचं टेबल

ऑगस्टमध्ये कराराचा फेरविचार झाला. मुलीचं म्हणणं होतं की चलनं वेळेवर जातायत, पत्रक बिनचूक होत चाललंय, तरी मशीनवरचा माणूस आधीपेक्षा जास्त अस्वस्थ आहे. आधी त्याला काही विचारायचं तर तो जेवणाच्या सुट्टीत काकांच्या खिडकीशी जायचा. आता खिडकीशी गेला की काका म्हणायचे, “ते आता पुण्याहून होतंय बाबा.”

चार बदल झाले. हजेरीचा महिना २६ ते २५ धरायचा ठरला आणि २७ तारखेपर्यंत सुपरवायझर, काका आणि कंपनी यांनी खाडे, रजा, ओटी आणि उचल एकत्र बसून, फोनवर का होईना, पक्की करायची. उचलीचा हप्ता काका ठरवणार, सॉफ्टवेअर नाही. पगाराची स्लिप मराठीत आणि कागदावर, ॲपवर हवी त्याला ॲपवर. आणि दर महिन्याच्या ९ तारखेला कंपनीचा माणूस कारखान्यात येऊन दुपारी दोन तास कँटीनजवळ टेबल टाकून बसणार. या शेवटच्या कलमाचे महिना २,५०० रुपये जास्त द्यावे लागले. मालकांनी खूप घासाघीस केली, पण दिले.

पहिल्या बैठकीला रांग लागली. मोठा भाग पीएफच्या नावांचा आणि जन्मतारखांचा होता. त्या १९ वर्षांच्या टर्नरला मुलीच्या लग्नासाठी पीएफमधून उचल हवी होती. सात वर्षं सदस्यत्व झालं असेल तर लग्नासाठी स्वतःच्या वर्गणीतली निम्मी रक्कम काढता यायची, आणि त्याचा अर्ज दोनदा परत आला होता.

“काय चुकलंय त्येच कळंना,” तो म्हणाला. “आधार हाय, पासबुक हाय, सगळं हाय.”

कंपनीच्या मुलानं लॅपटॉपवर खातं उघडलं. पीएफमध्ये जन्मतारीख शाळेच्या दाखल्यावरची, १९७६ सालातली. आधारवर १ जानेवारी १९७८.

“मामा, आधार काढताना तारीख कुणी सांगितली?”

“म्या न्हाई सांगितली. त्येनी इचारलं वय किती, म्या म्हटलं चाळीस-बेचाळीस धरा.”

आधी दाखला दाखवून आधार दुरुस्त झालं, मग मालक आणि कामगार दोघांच्या सहीचा संयुक्त घोषणापत्राचा अर्ज गेला, आणि लग्नाच्या आधी पैसे खात्यात आले. हे काम फोनवरून, तक्रार क्रमांकावरून झालं नसतं. चौतीसपैकी अकरा जणांची अशी काहीतरी विसंगती निघाली, कुणाच्या वडिलांचं नाव, कुणाचं आडनावाचं स्पेलिंग, एका बाईचं लग्नाआधीचं नाव. ती एकेक करून मिटवायला वर्ष लागलं. ठेकेदाराच्या माणसांची यादीही आता याच टेबलावर दर महिन्याला तपासली जाते. नोंदणी क्रमांक दिसल्याशिवाय त्याच्या माणसाला गेटच्या आत घेत नाहीत आणि ठेकेदाराचं बिल चलनाची प्रत लावल्याशिवाय निघत नाही.

एका गोष्टीत मात्र कंपनीला मागे सारावं लागलं. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्यानुसार दहा किंवा जास्त माणसं असतील तिथे अंतर्गत समिती हवी. कंपनीनं एक तयार पॅकेज देऊ केलं: पोस्टर, वार्षिक अहवाल आणि बाहेरची सदस्य त्यांच्याच पॅनेलवरची. अध्यक्ष म्हणून त्यांनी मालकांच्या मुलीचं नाव घातलं होतं. ती भागीदार, म्हणजे कायद्यानं मालकच. अध्यक्ष कामगारांतली वरिष्ठ बाई हवी. तपासणी विभागात अकरा वर्षं काम केलेल्या बाईंना अध्यक्ष केलं आणि बाहेरची सदस्य कोल्हापुरात महिलांसाठी काम करणाऱ्या संस्थेतून घेतली. ज्या कंपनीचं बिल मालक भरतात तिच्या पॅनेलवरच्या बाईंसमोर मालकाच्या माणसाविरुद्ध तक्रार कोण करील? पॅकिंगमधल्या बायकांनी हे मुलीला तोंडावर सांगितलं, आणि त्यांनी सांगितलं म्हणूनच ते बदललं.

वर्षाचा हिशेब

मार्च २०२५ अखेर बारा महिन्यांत एकही चलन उशिरा गेलं नाही. सेवा कंपनीचा खर्च, टेबलाचे पैसे धरून, महिना ८,६२० आणि जीएसटी. काका आता चार दिवस येतात, पगाराचा ताळा तेच करतात, आणि त्यांच्या हाताखाली एक बीकॉम झालेली मुलगी शिकते आहे. ओटीचा खर्च वाढला तो वाढलाच. मालक अजून त्याबद्दल कुरकुरतात आणि त्यांची कुरकुर खोटी नाही, कारण शेजारचा कारखाना अजून एकपटच देतो आणि त्याच ग्राहकाला कमी दरात माल विकतो. स्पर्धेचा हा ताण कुठल्याही करारानं सुटत नाही.

२१ नोव्हेंबर २०२५ ला केंद्रानं चार कामगार संहिता लागू केल्या आणि २९ जुने कायदे त्यांत सामावले. कंपनीकडून दुसऱ्याच दिवशी मालकांना लांबलचक ईमेल आला. मुलीनं तो बाजूला ठेवून ९ डिसेंबरच्या टेबलावर तीनच प्रश्न विचारले.

पगाराची नवी व्याख्या कुणाला लागते? बहुतेकांचा मूळ पगार एकूण पगाराच्या निम्म्याहून जास्त होता, त्यांना काही फरक नाही. तीन सेटरांचा एकूण २६,०००, मूळ १२,००० आणि बाकी घरभाडं व प्रवास भत्ता. भत्ते १४,०००, म्हणजे निम्म्यापेक्षा १,००० जास्त. तेवढे पगारात धरले जाऊन पाया १३,००० होतो आणि ग्रॅच्युइटी त्यावर मोजायची. नोकरी सोडणाऱ्याचा हिशेब दोन कामकाजाच्या दिवसांत द्यायचा, तर पुण्याहून तो कसा होणार? कंपनीनं त्यासाठी वेगळी मुदत मागितली. मुलीनं नकार दिला, आणि काका त्याच दिवशी कच्चा हिशेब करतील, कंपनीनं दुसऱ्या दिवशी तपासून द्यायचा, असं ठरलं. तिसरा प्रश्न नेमणूकपत्राचा. ती आता सगळ्यांना द्यायची आहेत, आणि ३४ पैकी २१ जणांना, त्या टर्नरसह, आजवर एकही कागद मिळालेला नव्हता. कंपनीचा मसुदा इंग्रजीत होता. तो मराठीत करून, रुजू होण्याची खरी तारीख प्रत्येकाला विचारून आणि काकांच्या जुन्या मस्टरशी (हजेरीपटाशी) पडताळून लिहायचं ठरलं. त्या मस्टरांपैकी दोन वर्षांची वाळवीनं खाल्ली आहेत, त्या काळात लागलेल्या पाच जणांच्या तारखा कशा ठरवायच्या यावर अजून बोलणी चालू आहेत. मालक म्हणतात पीएफची तारीख धरा. कामगार म्हणतात आम्ही त्याच्या आधी आठ-नऊ महिने काम करत होतो. मुलगी कामगारांच्या बाजूनं आहे.